लाटूनचे झुडूप आणि ब्रिजेट क्लिअरी

अश्मक

नोकरीनिमित्त आयर्लंडच्या पश्चिमेकडील क्लेअर परगण्यात राहायला आल्यापासून एक विषय मनात घोळत आहे. तो येथील जाणकारांपुढे सविस्तर मांडावा असे वाटते. भूतखेत, शकुन-अपशकुन, दैवी उपचार यांपैकी मी काहीही मानत नाही, आणि पुढचे सर्व लेखन त्याच भूमिकेतून आहे. परंतु 'हे खरे आहे का' हा माझा प्रश्न नाही. त्याच्या उत्तराविषयी मला शंका नाही. परींवरची एकच श्रद्धा एका ठिकाणी हजार वर्षांपूर्वीचे अवशेष सांभाळते आणि दुसऱ्या ठिकाणी जिवंत बाईला जाळते, तेव्हा त्या श्रद्धेविषयी विवेकी माणसाने काय म्हणावे, हा माझा प्रश्न आहे.

प्रथम झुडपाविषयी. लिमरिकहून एनिसकडे येताना लाटून येथे महामार्गालगत पांढऱ्या फुलांच्या काटेरी हॉथॉर्नचे एक एकाकी झुडूप राखलेले आहे. 1999 मध्ये न्यूमार्केट-ऑन-फर्गस गावाला वळसा घालणाऱ्या नव्या रस्त्याच्या कामात ते तोडले जाण्याची वेळ आली होती. क्लेअरमधील कथाकार आणि लोककथांचे संग्राहक एडी लेनिहन यांनी 'आयरिश टाइम्स'ला पत्र लिहून हरकत घेतली. मन्स्टर प्रांतातील परी कॉनॉट प्रांतातील परींशी लढायला जाताना या झुडपापाशी जमतात आणि ते तोडल्यास त्या रस्त्यावर अपघात होतील, असे त्यांचे म्हणणे होते. परदेशांतील वृत्तपत्रांनीही ही बातमी छापली आणि अखेर झुडूप वाचवून रस्ता झाला. 2002 मध्ये कोणीतरी यांत्रिक करवतीने त्याच्या फांद्या छाटल्या. खोड उरले आणि त्याला पुन्हा पालवी फुटली.

येथे परी म्हणताना आपल्या बालकथांतील पंखवाली सुंदर स्त्री डोळ्यांसमोर आणू नये. हे लोक माणसांसारखेच घरदार, गुरेढोरे, लग्ने आणि भांडणे असणारे, आणि चटकन रुष्ट होणारे मानले गेले. त्यांचे नाव थेट घेतल्यास ते रागावतात म्हणून जुनी माणसे त्यांना 'भले लोक' म्हणत असत.

हे एकच झुडूप असते तर मी इतका विचार केला नसता. पण या देशात राथ किंवा लिस या नावांनी ओळखली जाणारी मातीच्या बांधांची वर्तुळे जागोजागी शेतांत दिसतात. अभ्यासकांच्या मोजणीप्रमाणे अशी सुमारे 45,000 वर्तुळे ज्ञात आहेत आणि त्यांतील बहुतेक साधारणपणे इ.स. 500 ते 1000 या काळातली, म्हणजे गुरे पाळणाऱ्या शेतकरी कुटुंबांच्या घरांभोवतीचे बांध आणि चर आहेत. आतली घरे लाकडाची आणि कुडाची असल्यामुळे नाहीशी झाली, बांध तेवढे राहिले, आणि ती घरे कोणाची होती याची आठवण पुसली गेल्यावर लोकांनी तेथे भल्या लोकांची वस्ती मानली. पिढ्यान्‌पिढ्या शेतकऱ्यांनी नांगर या बांधापाशी आणून वळवला, आतले झाड तोडले नाही आणि तेथली वाळलेली फांदीसुद्धा जळणाला घरी नेली नाही. 1930 चा राष्ट्रीय स्मारकांचा कायदा होण्याच्या कितीतरी आधीपासून ही राखण चालू होती. ती संपूर्ण मात्र नव्हती. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अवजड यंत्रे आली तेव्हा अनेक वर्तुळे सपाट झाली. जेथे नफ्याचा हिशेब मोठा ठरला तेथे भीती मागे पडली, ही गोष्ट श्रद्धेचे गोडवे गाणाऱ्यांनी ध्यानात घ्यावी.

तरीही ती भीती आज संपलेली नाही. 2017 मध्ये केरीचे खासदार डॅनी हीली-रे यांनी किलार्नी ते कॉर्क जाणारा एन-22 रस्ता एका जागी पुन्हा पुन्हा खचण्याचा संबंध त्या परिसरातील राथांशी जाहीरपणे जोडला. बेलफास्टजवळ डनमरी येथे डीलोरियन मोटारींचा कारखाना उभारताना परींचे झाड तोडले म्हणून तो 1982 मध्ये बुडाला, असेही सांगतात. कॅव्हनमधील ऑक्रिम येथील प्रागैतिहासिक दगडी थडगे 1992 मध्ये मूळ जागेवरून हलवून उद्योगपती शॉन क्विन यांच्या हॉटेलच्या आवारात मांडले गेले, आणि 2008 नंतर क्विन यांचा उद्योगसमूह कोसळला तेव्हा त्याचे कारण म्हणून लोकांनी या थडग्याकडे बोट दाखवले. अँग्लो आयरिश बँकेच्या समभागांवर लावलेला प्रचंड पैसा हे कारण सर्वांसमोर असतानाही थडग्याची गोष्ट टिकून आहे. ज्यांनी राथ सपाट केले आणि जे पुढे सुखासमाधानाने म्हातारे झाले, त्यांची गोष्ट कोणी सांगत नाही. अशा श्रद्धांचा पुरावा नेहमी याच निवडीतून तयार होतो.

आता दुसरी बाजू. टिपरेरी परगण्यातील बॅलिव्हाडली येथे 1895 च्या मार्चमध्ये ब्रिजेट क्लिअरी ही पंचविशी ओलांडलेली विवाहित स्त्री आजारी पडली. ती शिवणकाम करून आणि कोंबड्या पाळून स्वतःचे पैसे मिळवत होती; नवरा मायकेल पिंपे बनवण्याचा व्यवसाय करी. डॉक्टर येऊन गेले, धर्मगुरूंनी मरणासन्न माणसासाठीचे विधीही केले. पण घरात येणाऱ्या एका वृद्ध नातलगाने ही आपली ब्रिजेट नव्हे असे म्हटले आणि मायकेलने ते धरून ठेवले. भल्या लोकांनी खरी ब्रिजेट पळवून नेऊन तिच्या जागी आपल्यातले कोणी ठेवले आहे, अशी त्याची धारणा झाली. 14 मार्चच्या रात्री तिला धरून ठेवून तिच्या तोंडात कडू वनस्पतींचा काढा ओतला गेला आणि 'तू ब्रिजेट आहेस का' हे देवाचे नाव घेऊन पुन्हा पुन्हा विचारले गेले. या वेळी तिचे वडील आणि इतर जवळचे नातलग घरात होते. दुसऱ्या रात्री नवऱ्याने तिला चुलीपाशी आडवे पाडले, तिच्या कपड्यांनी पेट घेतला आणि त्याने तिच्यावर दिव्याचे तेल ओतले. त्यानंतर खरी ब्रिजेट पांढऱ्या घोड्यावर बसून बाहेर येईल या आशेने तो जवळच्या राथापाशी रात्री वाट पाहत बसला. 22 मार्चला पोलिसांना तिचे प्रेत उथळ खड्ड्यात पुरलेले सापडले. मायकेलला सदोष मनुष्यवधाबद्दल 20 वर्षांची सक्तमजुरी झाली. 15 वर्षांनी सुटून तो कॅनडाला गेला.

ज्या राथापुढे शेतकऱ्याने नांगर थांबवला, त्याच प्रकारच्या राथापुढे मायकेल घोड्याची वाट पाहत उभा होता. पर्यटकांना विकली जाणारी, हिरव्या टोपीतल्या परी-बुटक्यांची खेळणी पाहताना मला ही बाई आठवते. आपली मते वाचायला आवडतील.


मृदुगंधा

अतिशय मनापासून लिहिलेला धागा. एका मुद्द्यावर मात्र मी आपल्याशी सहमत नाही. ब्रिजेट क्लिअरीचा मृत्यू 'श्रद्धेने घेतलेला बळी' म्हणून मांडला की मारणारा माणूस अर्धा सुटतो. ती स्वतः कमावणारी, नीटनेटके कपडे करणारी, मूल नसलेली बाई होती आणि अशा बाईविषयी त्या गावात काय बोलले जात असेल याचा अंदाज आपल्यापैकी कोणत्याही स्त्रीला सहज येईल. अंथरुणाला खिळलेल्या बायकोने ताबडतोब आज्ञा पाळली नाही म्हणून तिला जमिनीवर आपटणारा नवरा परींशिवायही सर्व देशांत सापडतो. परींच्या कथेने त्याला फक्त शब्द पुरवले आणि घरातल्या इतर माणसांना गप्प राहण्याची सबब दिली. श्रद्धेची चर्चा करताना घरगुती हिंसा हे नाव घ्यायचे राहू नये, एवढेच माझे सांगणे आहे.


कृष्णाकाठ

मृदुगंधा, आपला मुद्दा मान्य करूनही मला वाटते की 'फक्त शब्द पुरवले' असे म्हणणे अपुरे आहे. एकटा नवरा बायकोला मारतो ती गोष्ट वेगळी आणि वडील आणि इतर नातलग असे सर्व जण पलंगाभोवती उभे राहून तिचे हातपाय धरतात ती गोष्ट वेगळी. तेवढ्या माणसांना एकत्र आणायला सर्वांना ठाऊक असलेली कथा लागते आणि ती कथा तेथे तयार होती.

शिवाय बळी जाणारी माणसे केवळ स्त्रिया नव्हत्या. 1826 मध्ये केरीतील ट्रॅली येथील न्यायालयात अ‍ॅन रोश नावाच्या वृद्ध स्त्रीवर खटला चालला. मायकेल लीही या चार वर्षांच्या, उभे राहता किंवा बोलता न येणाऱ्या मुलाला तिने फ्लेस्क नदीत बुडवले होते. मुलाला मारायचे नसून त्याच्यातल्या परीला बाहेर काढायचे होते, असे तिचे म्हणणे होते, आणि ज्यूरीने तिला निर्दोष सोडले. मूल वाढत नाही, चालत नाही, बोलत नाही, सतत रडते, खाऊनही अंगी लागत नाही, ही परींनी बदललेल्या मुलाची लक्षणे कथांतून वाचली की आज आपण ज्यांना मेंदूचे आजार, जन्मजात व्याधी किंवा कुपोषण म्हणतो, त्या मुलांची यादीच समोर येते. त्यांच्यावरचा उपाय म्हणून तापलेले लोखंड, आग आणि फॉक्सग्लोव्ह या वनस्पतीचा रस सांगितला आहे. फॉक्सग्लोव्हमध्ये हृदयाच्या ठोक्यांवर परिणाम करणारे विष असते. अशी किती मुले कोणत्याही न्यायालयात न पोहोचता गेली असतील, या विचाराने मला फार अस्वस्थ वाटते.


अश्मक

दोघांचेही आभार. मृदुगंधा यांनी हिंसेचे नाव घेण्याचा आग्रह धरला तो योग्यच आहे. माझी भूमिका अधिक स्पष्ट करतो. हिंसा करणारा माणूस श्रद्धेशिवायही हिंसा करू शकतो, पण शेजारी मध्ये पडणार की दाराबाहेर थांबणार, हे त्यांच्या मनात कोणती कथा आहे यावर ठरते. ज्या कथेत समोरची व्यक्ती मुळात माणूसच नाही, ती कथा मला सर्वांत घातक वाटते. राथाभोवतीच्या कथेत माणूस स्वतःवर बंधन घालून घेतो, तर बदललेल्या मुलाच्या कथेत तो दुसऱ्याचे माणूसपण काढून घेतो. दोन्ही कथा एकाच समजुतीतून निघाल्या असल्या तरी विवेकवाद्याने त्यांना एकाच मापाने मोजू नये.

म्हणूनच महाराष्ट्रातील 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याची रचना मला शहाणपणाची वाटते. तो कोणाच्या मनातल्या समजुतीला हात लावत नाही. भूत उतरवण्याच्या नावाखाली माणसाला बांधणे, मारणे, चटके देणे अशी कृत्ये तो गुन्हा ठरवतो. बॅलिव्हाडलीच्या घरात त्या दोन रात्री जे घडले, त्याचे वर्णन त्या कायद्याच्या अनुसूचीत जवळजवळ जसेच्या तसे सापडेल.


दूरस्थ

या चर्चेत एक ऐतिहासिक बाजू आली नाही, ती जोडतो. 1895 मध्ये हा खटला गाजला तो केवळ भीषणतेमुळे नव्हे. दोनच वर्षांपूर्वी, 1893 मध्ये, आयर्लंडला स्वशासन देणारे दुसरे होमरूल विधेयक लॉर्ड्स सभागृहाने फेटाळले होते. स्वशासनाला विरोध करणाऱ्या वृत्तपत्रांनी क्लिअरी प्रकरण उचलून धरले आणि बायकोला परी समजून जाळणारे हे लोक राज्य काय करणार, असा सूर लावला. बॅलिव्हाडलीच्या गरीब वस्तीतील काही माणसांचे कृत्य संपूर्ण देशाच्या माथी मारले गेले. ज्या इंग्लंडमध्ये तेव्हा प्रेतात्म्यांना बोलावण्याच्या बैठका प्रतिष्ठितांच्या दिवाणखान्यांत भरत होत्या, तेथून हा न्याय दिला जात होता.

बाहेरून आलेल्या अश्रद्ध माणसाने हा इतिहास जाणून बोलावे, असे मला कळकळीने वाटते. आपण परके आहोत, आणि आयरिश माणसाने परक्याच्या तोंडून 'अडाणी' हा शब्द पुष्कळ ऐकलेला आहे. अश्मक यांच्या लेखनात तो सूर नाही, याबद्दल त्यांचे अभिनंदन.

चांगल्या परक्या निरीक्षकाचे उदाहरण हवे असेल तर हार्वर्ड विद्यापीठाचे मानववंशशास्त्रज्ञ कॉनरॅड आरेन्सबर्ग यांचे घ्यावे. 1930 च्या दशकाच्या सुरुवातीला ते क्लेअरमध्येच राहून अभ्यास करत होते. परी आहेत की नाहीत यावर त्यांनी वेळ घालवला नाही. शेत मुलाच्या हाती सोपवल्यावर म्हातारे आईवडील घराच्या पश्चिमेकडील खोलीत राहायला जातात, पूर्वजांच्या वस्तू आणि तसबिरी त्याच खोलीत असतात, आणि भल्या लोकांचा संबंधही त्याच बाजूशी जोडला जातो, हे त्यांनी टिपले. म्हाताऱ्यांचा मान, घराची मांडणी आणि अदृश्य शेजाऱ्यांची भीती हे सर्व एकाच व्यवस्थेचे भाग म्हणून त्यांनी पाहिले. ही दृष्टी मला 'खरे की खोटे' यापेक्षा फार फलदायी वाटते.


कृष्णाकाठ

फलदायी आहे, यात वाद नाही. पण व्यवस्थेचा भाग म्हणून समजून घेतले की व्यवस्थेतल्या दुबळ्यांचे काय झाले हे विचारायचे राहून जाते. पश्चिमेच्या खोलीत जाणाऱ्या सासूला मान मिळाला. नव्याने आलेल्या सुनेला त्याच घरात काय मिळाले, हेही नोंदवले गेले पाहिजे.


शुश्रूषा

मी आयर्लंडच्या उत्तर भागात परिचारिका म्हणून काम करते, त्यामुळे माझा संबंध या श्रद्धांच्या आजच्या रूपाशी येतो. येथे अमुक माणसाकडे 'क्युअर' आहे, असे लोक सहज बोलतात. भाजणे, गजकर्ण, चामखीळ आणि विशेषतः नागीण यांवर ठरावीक घराण्यातील माणसे प्रार्थना करून किंवा स्पर्श करून उपचार करतात. हा वारसा घरात चालत येतो आणि बहुधा त्याचे पैसे घेतले जात नाहीत. सातव्या मुलाच्या सातव्या मुलाला असा गुण असतो, असेही मानतात. नागिणीची दोन टोके कमरेभोवती जुळली की माणूस मरतो, ही आपल्याकडची भीती मी येथेही ऐकली तेव्हा मला फार आश्चर्य वाटले. वास्तविक नागीण ही कांजिण्यांच्या विषाणूमुळे होते, एका मज्जातंतूच्या पट्ट्यात पसरते आणि सहसा शरीराची मध्यरेषा ओलांडतही नाही.

रुग्णांशी मी वाद घालत नाही. पुरळ आल्यापासून 72 तासांच्या आत विषाणूरोधक गोळ्या सुरू झाल्या तर त्यांचा सर्वांत चांगला उपयोग होतो, तेव्हा आधी डॉक्टरांकडे जावे आणि मग हवे तेथे जावे, एवढेच सांगते. बहुतेक जण दोन्ही करतात. नागीण बहुधा काही आठवड्यांत आपोआप उतरते, त्यामुळे श्रेय कोणाला द्यायचे हे ज्याचे तो ठरवतो. डोळ्याजवळ नागीण उठली असताना कोणी उशीर केला तर मात्र दृष्टी जाण्याचा धोका असतो, आणि तेथे माझा संयम संपतो.

फर्मानामधील बोहो येथील मातीचाही उल्लेख करते. तेथील चर्चच्या आवारातली चिमूटभर माती कापडात बांधून उशीखाली ठेवण्याची आणि नंतर ती परत नेऊन ठेवण्याची प्रथा आहे. 1815 मध्ये वारलेल्या एका धर्मगुरूने आपल्या पश्चात ही माती रोग बरे करील असे सांगितल्याची आख्यायिका आहे. 2018 मध्ये स्वान्सी विद्यापीठातील संशोधकांनी त्या मातीत स्ट्रेप्टोमायसिस गटातला एक जिवाणू आढळल्याचे प्रसिद्ध केले; प्रतिजैविकांना न जुमानणाऱ्या काही घातक जिवाणूंची वाढ त्याने प्रयोगशाळेत रोखली. तेव्हापासून 'विज्ञानाने सिद्ध केले' असे वाक्य सर्रास ऐकू येते. सिद्ध झाले ते प्रयोगशाळेतील काचेच्या बशीतले आहे; उशीखालच्या पुरचुंडीविषयी त्यातून काहीच सिद्ध होत नाही. स्ट्रेप्टोमायसिन हे क्षयाचे औषधही याच गटातील मातीतल्या जिवाणूपासून मिळाले होते, त्यामुळे हा शोध महत्त्वाचा आहे, परंतु त्याचे महत्त्व औषधशास्त्रापुरते आहे.


मृदुगंधा

शुश्रूषा, फार उपयुक्त माहिती. हॉथॉर्नची फुले घरात आणली तर मृत्यू येतो, असाही समज आहे. त्या फुलांत ट्रायमिथिलअमाइन हे रसायन असते आणि कुजणाऱ्या प्राणिज ऊतींतही तेच तयार होते. प्रेत घरातच ठेवण्याचा रिवाज असलेल्या समाजाला तो वास ओळखीचा वाटला असणार, हे स्पष्टीकरण मला पटते.


दूरस्थ

वासाचे पटते. पण प्रत्येक समजुतीमागे असे रसायन शोधायला जाऊ नये. 'भुकेचे गवत' घ्या. विशिष्ट जागेवरच्या गवतावर पाय पडला की माणसाला एकाएकी भयंकर भूक लागते, पायांतले बळ जाते, आणि खिशात भाकरीचा तुकडा नसेल तर तो तेथेच कोसळतो, असे मानले जाई. दुष्काळात जेथे माणूस उपाशी मेला तेथे ते गवत उगवते, असे अनेक कथांत सांगितले आहे. 1845 ते 1852 या काळातील बटाट्याच्या दुष्काळात सुमारे दहा लाख माणसे मेली आणि त्याहून अधिक देश सोडून गेली. कित्येकांना रस्त्याच्या कडेला पुरले गेले. त्या कथेत रक्तातील साखर शोधता येईल, पण मला त्यात शोक दिसतो. ज्यांच्यावर दगडही उभा राहिला नाही, त्यांची जागा लोकांनी पावलापावलाने लक्षात ठेवली.


जुईली

हा धागा वाचून मूळ कथा वाचण्याची इच्छा झाली आहे. पर्यटनाच्या पुस्तकांतील साखर घोळलेल्या कथा नकोत. कोठे वाचाव्यात?


अश्मक

जुईली, यासाठी या देशाने एक विलक्षण काम करून ठेवले आहे. 1935 मध्ये जेम्स डेलार्गी यांच्या नेतृत्वाखाली आयरिश लोकसाहित्य आयोग स्थापन झाला. त्याचे संग्राहक खेडोपाडी मेणाच्या नळकांड्यांवर ध्वनिमुद्रण करून ते वह्यांत उतरवून घेत. 1937 ते 1939 या काळात शाळांतील मुलांनाही या कामात घेतले गेले. साधारण अकरा ते चौदा वर्षांच्या मुलांनी आजी-आजोबांना आणि शेजाऱ्यांना विचारून राथ, विहिरी, औषधे, दुष्काळ, शकुन यांविषयीच्या आठवणी लिहून आणल्या. सुमारे 5,000 शाळांतील 50,000 मुलांनी हे केले आणि त्यातून सुमारे 7,40,000 पाने जमली. सर्व साहित्य आता डब्लिनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमध्ये आहे, आणि आयोगाच्या संग्रहाला 2017 मध्ये युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत स्थान मिळाले.

मुलांची ही पाने 'दूखस' या संकेतस्थळावर मूळ हस्ताक्षरात विनामूल्य पाहता येतात. परगणा, शाळा आणि विषय यांनुसार शोधता येतात. बरीचशी इंग्रजीत आहेत, काही आयरिशमध्ये. आपण क्लेअरपासून सुरुवात करावी. अनेक पाने दहा-बारा ओळींचीच आहेत: अमक्याने राथावरचे झाड तोडले आणि त्याची गाय मेली, असे मूल लिहिते आणि खाली सांगणाऱ्याचे नाव व वय देते. कोणतीही सजावट नसल्यामुळे भीती आणि जगण्यातली अनिश्चितता दोन्ही नीट दिसतात. ज्या घरात एक गाय मेली की वर्षभराचे दूध, लोणी आणि भाड्याचे पैसे जातात, त्या घरात झाड न तोडण्याची काळजी का घेतली जाई हे ती पाने वाचताना कळते. हस्तलिखित पाने टंकित करण्याच्या कामात स्वयंसेवकांना घेतले जाते, त्यामुळे ज्यांना वेळ आहे त्यांनी केवळ वाचण्यावर न थांबता त्यातही भाग घ्यावा. टिपरेरीच्या पानांत बदललेल्या मुलांविषयी जे सापडेल ते मी स्वतंत्र धाग्यात मांडीन.